संयोगितानं लिहिलेला जिना

आधीच सांगून टाकते, संयोगिता मला आवडायची नाही. पहिल्या दिवशी तर मुळीच नाही. कडेगावकडची पोरगी, बी.एस्सी. झालेली, केस तेल लावून चप्प बसवलेले. मुलाखतीत मी विचारलं, "डोळे फोडणारं काम आहे हे, जमेल का?" तर म्हणते कशी, "डोळे माझे आहेत मॅडम, तुम्ही काम दाखवा." अगं बाई! मी चंदनबाला, सतरा वर्षं दवाखान्याच्या रेकॉर्ड रूममध्ये फायलींची धूळ खाऊन मग इथं ऑडिटर झालेली. माझ्यासमोर असं बोलायची कुणाची टाप नव्हती. तरी घेतलं तिला. परीक्षेत शंभरपैकी अठ्ठ्याण्णव पडले होते, आणि राहिलेल्या दोन मार्कांसाठी ती माझ्याशी अर्धा तास भांडली होती. त्यातला एक मार्क मला द्यावा लागला.

आमचं ऑफिस सांगलीत, विश्रामबागेत. खाली फर्निचरचं दुकान. खाली लोक सोफ्यावर उड्या मारून बघतात आणि वर आम्ही अमेरिकेतल्या लोकांची दुखणी वाचतो. मेडिकल कोडिंग म्हणतात त्याला. तिकडचा डॉक्टर रोग्याला तपासून जे लिहितो ते वाचायचं आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक जखमेला ठरलेला कोड लावायचा. आमच्या नातेवाइकांना हे अजून कळलेलं नाही. माझी सासू मरेपर्यंत सांगत होती, सून कॉम्प्युटरवर औषधं बनवते म्हणून.

ह्यात सगळ्यात किचकट काम गाडीच्या अपघातांचं. ताजा अपघात सोपा असतो. हाड मोडलं, लिहा हाड मोडलं. पण अपघात होऊन वर्षं झालेली असतात, जखम भरलेली असते, आणि तरी कुणाचा खांदा वर जात नाही, कुणाला फिट येतात, कुणी बायकोचं नाव विसरतो. तिथं आधी आज काय होतंय ते लिहायचं, मग त्याच्या मागची जुनी जखम, मग ती कुठल्या गाडीनं झाली ते. आणि त्या जुन्या जखमेच्या आणि गाडीच्या कोडाला शेवटी एक अक्षर लावायचं. त्या अक्षराचा अर्थ एवढाच, की हे आत्ताचं दुखणं त्या वेळचंच मागं राहिलेलं आहे.

आणि नियम एकच. 'हे त्यामुळं झालं' असं डॉक्टरनं लिहिलेलं पाहिजे. आपल्याला ढळढळीत दिसत असलं तरी आपण जोडायचं नाही. कागदात नाही तर घडलं नाही. हे वाक्य मी गेली नऊ वर्षं नव्या पोरांच्या डोक्यात खिळ्यासारखं ठोकत आले आहे.

संयोगिताला ते ठोकावं लागलं नाही. अपघाताच्या जुन्या दुखण्यांचे चार्ट, म्हणजे रोग्यांचे कागद, तिनं आपणहून मागून घेतले. इतर पोरं त्यापासून लांब पळायची, ही दिवसाला पन्नास उरकायची, आणि चूक म्हणून नाही. जीभ मात्र तिखट. सोनिया नावाची एक नवी पोरगी होती, तिनं एका चार्टला कोड लावला आणि म्हणाली, "ताई, बहुतेक ट्रकनंच उडवलं असणार ह्याला." संयोगिता खुर्ची फिरवून म्हणाली, "बहुतेकाला कोड नसतो. तू काय तिथं रस्त्यावर उभी होतीस?" पोरगी रडली. मी संयोगिताला झापलं, तर मलाच म्हणाली, "रडू दे मॅडम. आत्ता रडली तर पुढं कुणाचं वाटोळं करणार नाही."

मला वाटलं, काय ही माजोरी! आता वाटतं, मीच आंधळी होते.

आता पुढचं जे सांगते ते मला फार उशिरा कळलं. पण तुम्हाला आधी सांगते, नाहीतर तुम्हीही माझ्यासारखंच तिला नावं ठेवाल.

तिचे वडील फौजेत होते, नोकरीत असतानाच आजारानं गेले. मळ्यात आई मनुबाई, ही थोरली, मधला ऋषिराज आणि शेंडेफळ साक्षी. शेजारच्या घरात चुलते तानाजी, चुलती आणि त्यांचा मुलगा शिवतेज. घरं दोन असली तरी ऊस एकत्र, ट्रॅक्टर एकच, आणि शब्द तानाजींचा. ऋषिराज एकोणीसचा, शिवतेज सतराचा. दोघं पहाटे एकत्र पळायचे, एका ताटात जेवायचे आणि एकाच गोष्टीवर जीव टाकायचे, भरतीवर. ऋषिराज मैदानी परीक्षेत निघालाही होता. मेडिकल तेवढं बाकी होतं.

आठ वर्षांपूर्वी, ऐन उसाच्या हंगामात, दिवस मावळताना शिवतेज भरलेल्या दोन ट्रॉल्या फडातून मळ्याच्या वाटेवर काढत होता. मागं दिवा नाही, लाल कापड नाही, आणि ह्याला लायसन नाही. ऋषिराज मोटारसायकलवरून घरी येत होता. शिवतेजनं ट्रॉली मागं घेतली आणि तिचा कोपरा ऋषिराजच्या डोक्यात बसला. बघायला होते फक्त तानाजी; ओरडा ऐकून मनुबाई आणि संयोगिता धावत आल्या तेव्हा तो वाटेवरच पडलेला होता.

जीपमध्ये घालून सांगलीला आणताना ऋषिराजचं डोकं आईच्या मांडीवर होतं आणि मनुबाईचं लुगडं रक्तानं भिजून सीटला चिकटलं होतं. तेव्हा तानाजी पुढच्या सीटवरून म्हणाले, "एकाचं गेलं ते दिसतंय. दुसऱ्याचं कशाला घालवायचं? पोलीस केस झाली की शिवतेजची भरती संपली. जिन्यावरनं पडला म्हनायचं. संयोगिता, तू शिकल्याली हायस, तू बोल."

ती बोलली. आमच्या भागात हे नवीन नाही हो. पंचनामा, पोलीस, गाडी जप्त, कोर्टाच्या तारखा, हे टाळायला लोक बेधडक सांगतात, पडला म्हणून. मी रेकॉर्ड रूममध्ये असताना झाडावरून पडलेली इतकी माणसं बघितली आहेत, की तेवढी झाडं सांगली जिल्ह्यात नसतील.

डॉक्टर तरुण होता, चिमट्यानं ऋषिराजच्या कोपरातली खडी काढत होता. म्हणाला, "जिन्यावर खडी कुठून आली?" ही म्हणाली, "खाली बांधकामाची टाकलीय." त्याचा विश्वास बसला नाही. "एवढा धडधाकट मुलगा असा कसा पडला? पाय घसरला? का आधी झटका आला होता?" तिला वाटलं, आता हा पोलिसाला बोलावणार. दाराशी तानाजी उभे होते. ती म्हणाली, "झटका आल्यासारखं झालं. बहुतेक." डॉक्टरनं ते लिहून घेतलं. फॉर्मवर नातेवाइकानं हकिकत लिहायची जागा असते, तिथं हिनं आपल्या हातानं लिहिलं: भावाला झटका आला व तो जिन्यावरून पडला. खाली सही केली.

त्यांच्या घराला जिनाच नाही. बसकं कौलारू घर आहे, माळ्यावर चढायला शिडी लावतात.

ऋषिराज वाचला. पण त्या दिवसाचं आणि त्याआधीच्या दोन-तीन आठवड्यांचं त्याच्या डोक्यातून साफ पुसलं गेलं. शुद्धीवर आल्यावर विचारायला लागला, काय झालं मला? त्याला सांगितलं, माळ्यावर चढताना झटका आला आणि शिडीवरनं पडलास. तानाजींनी सांगितलं, मनुबाईनं मान हलवली. त्याचा स्वभाव तापट, खरं कळलं तर कोयता घेऊन शिवतेजच्या अंगावर जाईल ही आईला भीती. मोटारसायकल विट्याला नेऊन विकून टाकली. डावा हात लुळा पडला. आणि चार महिन्यांनी खरीखुरी फिट आली. पुढं येतच राहिल्या.

शिवतेज दुसऱ्या वर्षी भरती झाला. गावानं मिरवणूक काढली. गुलाल, डीजे, आणि पोराला उभं केलं त्याच ट्रॅक्टरवर. ऋषिराज पुढं नाचत होता, एकच हात वर करून, कारण दुसरा जात नव्हता. देवळापाशी त्याला फिट आली आणि तो गुलालात पडला. चुलती म्हणाली, "चांगल्या दिवशी काय हे!" आणि मिरवणूक त्याला वळसा घालून पुढं गेली. संयोगिता तिथंच रस्त्यावर त्याचं डोकं धरून बसली. दोन महिन्यांनी ती सांगलीला येऊन कोडिंग शिकली, आणि मग माझ्यासमोर येऊन म्हणाली, डोळे माझे आहेत.

ह्या सगळ्यात शिवतेज वाईट नव्हता, हे जास्त वाईट. पोस्टिंगवरून रोज ऋषिराजला फोन करायचा. सुट्टीवर येताना त्याला कॅन्टीनचे बूट, जर्किन आणायचा. ऋषिराज सगळ्यांना सांगायचा, सख्खा भाऊ असता तर एवढं केलं नसतं.

गेल्या हिवाळ्यात साक्षीचं जमत आलं. मलकापूरचं स्थळ, कराडला लागून. मुलगा वीरधवल, वडील निवृत्त मुख्याध्यापक. पोरापोरींनी एकमेकांना पसंत केलेलं, बोलणी संपलेली. सुपारी फोडायला माणसं आली आणि ऋषिराज पाहुण्यांना चहाचा ट्रे देता देता सगळ्यांच्या पुढ्यात आडवा झाला. कपबश्या फुटल्या, तोंडाला फेस. त्याला आत नेल्यावर संयोगिता म्हणाली, "हे रक्तातलं नाही. आठ वर्षांपूर्वी अपघात झाला, त्याचं मागं राहिलंय."

मुख्याध्यापक भला माणूस. म्हणाले, "तसं असेल तर आमची काहीच हरकत नाही. अपघात कुणालाही होतो. पण आमच्या कानावर वेगळं आलंय. तेव्हा तुमच्या डॉक्टरांचा तसा कागद द्या. महिनाभर थांबतो."

कानावर आलं होतं ते चुलतीकडून. शिवतेजचंही लग्न ठरत होतं ना! फिट घराण्यात आहे म्हटलं तर त्याचंही मोडायचं. म्हणून बाईनं पाहुण्यारावळ्यांत पसरवून दिलं, "आमच्यात न्हाई बाई असलं काही. मनुबाईच्या म्हायेरचं हाय ते." मनुबाईच्या माहेरात सात पिढ्यांत कुणाला साधी चक्कर आलेली नाही. पण सांगणार कोण आणि ऐकणार कोण?

तर असा एक कागद आणि एक महिना. कागद मिळाला तर साक्षीचं लग्न, नाहीतर साक्षी जन्मभर 'फिटवाल्यांची पोरगी'.

संयोगिता आधी ऋषिराजच्या नेहमीच्या डॉक्टरांकडं गेली. त्यांनी फाईल उघडून तिच्यापुढं धरली. "हे बघा. आधी झटका, मग पडला. सांगणारी बहीण. तुम्हीच ना? आता आठ वर्षांनी तुम्ही म्हणता ट्रॉलीचा अपघात. मी कशाच्या आधारावर लिहू?" हे मला सांगताना ती हसली. म्हणाली, "मॅडम, त्यांच्या जागी मी असते तर हेच म्हणाले असते. वर चार माणसांत पाणउतारा केला असता."

मग ती चुलत्यांकडं गेली. शिवतेज सुट्टीवर आला होता. ती म्हणाली, पोलीस नको, कोर्ट नको, फक्त मलकापूरला जाऊन त्या मुख्याध्यापकांना खरं काय ते सांगा. तानाजी खाटेवर बसून पेपर वाचत होते. पेपर खाली न घेता म्हणाले, "कागदात काय लिवलंय ते बघ आधी. अक्षर कुनाचं हाय?"

"मी तुमच्या सांगण्यावरनं लिहिलं, नाना."

"मी सांगितल्याचं कुठं लिवलंय?"

शिवतेज खाली मान घालून म्हणाला, "ताई, माझ्या मनात हाय गं. पर..." आणि त्यानं बापाकडं बघितलं. सैन्यात बर्फात उभा राहतो तो पोरगा! तानाजी म्हणाले, "वैशाखात लगीन हाय ह्याचं. ह्या विषयावर पुन्यांदा ह्या उंबऱ्यात येऊ नगंस."

आता माझी पाळी येते. मला हे सांगायची लाज वाटते, म्हणून पटकन सांगते.

त्याच सुमारास आमच्या ऑफिसला एक स्थानिक काम आलं. एका दवाखान्याच्या जुन्या फायली स्कॅन होऊन येणार, त्यांना आम्ही कोड लावायचे, आणि त्यावरून दवाखाना प्रत्येक रोग्याचा नवा छापील गोषवारा तयार करणार, मागेल त्याला देणार. दवाखाना ऋषिराजला नेलं होतं तोच होता. नावं काळ्या पट्टीनं झाकलेली असायची. पण संयोगिताच्या पडद्यावर एके दिवशी एक फॉर्म आला, त्यातलं नाव झाकलेलं होतं आणि अक्षर उघडं. स्वतःचं अक्षर माणूस ओळखणार नाही का?

नियम असा, की घरच्या माणसाची फाईल आली तर सांगून दुसऱ्याकडं द्यायची. तिनं सांगितलं नाही. तिनं नऊ वर्षांत, चुकले, सहा वर्षांत पहिल्यांदा कागदात नसलेलं लिहिलं. फिट, लुळा हात, त्यामागं डोक्याची जुनी जखम, त्यामागं शेतीच्या गाडीची धडक, आणि शेवटी ते अक्षर, म्हणजे मलकापूरला दाखवायला छापील कागद मिळाला असता. सगळं खरं. अक्षरन् अक्षर खरं. तिच्या हातून गेलेल्या हजारो चार्टांत ह्याच्याइतका खरा एकही नसेल, कारण इथं ती खरोखरच रस्त्यावर... जाऊ दे.

ती फाईल ऑडिटला, म्हणजे तपासायला, माझ्याकडं आली. आमच्या ऑफिसात कुणी हातानं लिहीत नाही, मला तिचं अक्षर काय ठाऊक! मी वाचलं: वय एकोणीस, झटका, जिना. आणि कोड बघते तर ट्रॉली! मला इतका आनंद झाला म्हणून सांगू. होय, आनंद. सहा वर्षांत ती पहिल्यांदा सापडली होती. मी लाल शेरा मारला: कागदात आधार नाही.

शनिवारी आमच्याकडं आठवड्यातल्या चुका सगळ्यांसमोर वाचतात. नाव घेत नाहीत, पण सगळ्यांना कळतं. मी ती फाईल मोठ्या पडद्यावर लावली आणि म्हणाले, "जिन्यावरून पडलेल्या माणसाला कुणीतरी ट्रॅक्टरखाली घातलंय. इतक्या जुन्या माणसाकडून ही अपेक्षा नव्हती." पोरं हसली. सोनिया तर लय हसली, तिचा तो हक्कच होता. मीही हसले.

संयोगिता उठली. पडद्यापाशी गेली आणि नव्या पोरांना तिनंच समजावून सांगितलं. "हे बघा, इथं बहिणीनं लिहिलंय, झटका आला. डॉक्टरांनी तेच घेतलंय. अपघाताचा कुठं उल्लेख नाही. कोडरनं मनानं जोडलंय. ही चूक आहे." आवाज जरासुद्धा हलला नाही. मग ती बाहेर गेली. मी बेसिनपाशी हात धुवायला गेले तर ती तिथं नळ सोडून उभी होती. तिथं तिनं मला हे सगळं सांगितलं, आत्ता तुम्हाला सांगितलं ते. शेवटी म्हणाली, "मॅडम, एकदाच. तो शेरा काढा. आजपर्यंत तुमच्याकडं काही मागितलं नाही. खरं आहे ते."

मी काय म्हणाले असेन? मी म्हणाले, "खरं असेल. कागदात नाही."

नोकरी जायची भीती नव्हती, उगाच कशाला खोटं बोलू. कुणाला कळलंही नसतं. पण मी कधी कुणाला सोडलं नव्हतं, आणि तिला सोडलं असतं तर इतकी वर्षं ज्यांना ज्यांना रडवलं ते सगळं फुकट गेलं असतं. एवढंच. माझ्या ह्या ताठ्यापायी एका पोरीचं लग्न अडकलं होतं आणि मी साबणाची वडी जागेवर ठेवत होते.

त्या रात्री झोप लागली नाही असलं काही लिहिणार नाही. लागली. पण दुसऱ्या दिवशी देवळातून येताना माझा मलाच संताप आला, आणि संताप आला की मला काहीतरी करून टाकायची घाई होते. महिना संपायला चार दिवस होते. माझ्या ओळखीचे एक मेंदूचे डॉक्टर आहेत, भरतेश, माहेरकडून लांबचे नात्यातले. त्यांना फोन केला. म्हटलं, जुनी फाईल बाजूला ठेवा. नवा रोगी म्हणून तपासा, आई येईल, तिलाच पहिल्यापासून विचारा, अपघात झाला होता का ते स्पष्ट विचारा, ती सांगेल तसं लिहून नवा कागद द्या. ते म्हणाले, "आई सांगत असेल आणि स्कॅनमध्ये जखमेचा व्रण असेल तर लिहीन की. अवघड काय त्यात?"

हे सांगितल्यावर संयोगितानं माझा हात धरला. पहिल्यांदाच. फक्त म्हणाली, "मॅडम, त्यांना सांगा, विचारायच्या आधी ऋषीला बाहेर बसवायचं. त्याला ठाऊक नाही."

मी सांगितलं नाही. विसरले म्हणाले तर तुम्ही मानाल, पण विसरले नव्हते. मला वाटलं, ऐकू दे की! तिशीला आलेला पुरुष, त्याचंच डोकं, त्याचाच हात, आणि त्यालाच ठाऊक नाही? किती दिवस झाकणार? मला खऱ्याचा असा पुळका आला होता.

सोमवारी ती तिघं आली. मनुबाई, संयोगिता आणि ऋषिराज. साक्षी घरी देवापुढं बसली होती म्हणे. ऋषिराज उंच, देखणा, कॅन्टीनचे बूट घातलेला. मला बघून उजव्या हातानं कडक सॅल्यूट ठोकला. "ताईच्या मॅडम ना तुमी? ताई लय भ्येती तुमाला."

आत गेल्यावर भरतेशनी तपासलं, स्कॅन उजेडात धरून बघितलं. संयोगिता हळूच म्हणाली, "ऋषी, तू जरा बाहेर..." पण तेवढ्यात डॉक्टर मनुबाईकडं वळून बोलूनही गेले. "आई, आठ वर्षांपूर्वी ह्याला गाडीचा अपघात झाला होता ना? नीट आठवून सांगा. कुठली गाडी होती, कोण चालवत होतं?"

ऋषिराजनं आईकडं बघितलं. "अपघात? माझा? कुटला अपघात, आई?"

 मनुबाई माझ्या शेजारी होती. एका बाजूला साक्षीचा कागद, समोर हा पोरगा. आणि तो गप्प बसेना. "आई, बोल की. कोन चालवत हुतं? शिवतेज तर काय बोलला न्हाई मला कवा. त्येला ठाव असंल, त्येला इचारू का?" त्यानं खिशातून फोन काढला. डॉक्टर कीबोर्डवर बोटं ठेवून थांबले होते.

"न्हाई," मनुबाई म्हणाली. "अपघात न्हाई झाला. त्यो शिडीवरनंच पडला."

"मग ह्या मॅडम म्हणत होत्या ते?"

"त्यास्नी काय ठाव. माझ्या भावाला हुत्या फिट. माझ्या आज्याला बी. माझ्याच म्हायेरचं हाय ते, डॉक्टर. ल्येकाला माझ्याकडनं आलं. मी लपवून ठिवलं."

मी संयोगिताकडं बघितलं. एक शब्द बोलली असती तर... पण काय बोलणार? ऋषिराजच्या हातात फोन होता आणि त्यावर शिवतेजचा फोटो. डॉक्टर टाइप करत गेले. अपघात नाही. आईच्या बाजूनं कुटुंबात फिट. छापून कागद संयोगिताच्या हातात दिला. तिनं तो वरपासून खालपर्यंत वाचला आणि म्हणाली, "बरोबर आहे. सांगितलं तसंच लिहिलंय."

बाहेर आल्यावर ऋषिराज आईवर ओरडला. सगळ्या दवाखान्यासमोर. "तुला ठाव हुतं? आन् समद्यांना फसवलंस? साक्षीचं वाटोळं तू केलंस. माझी भरती तू घालवलीस. मला जल्माला तरी कशाला घातलंस?" मनुबाई म्हणाली, "व्हय रं लेकरा, चुकलं माझं." आणि त्याचा सुटलेला बुटाचा बंद बांधायला खाली वाकली. त्यानं पाय मागं घेतला.

वीरधवलचं लग्न उन्हाळ्यात दुसरीकडं झालं. साक्षी पलूसला एका औषधाच्या दुकानात लागली. शिवतेजच्या लग्नाला ऋषिराज करवला होता. संयोगिता अजून माझ्याकडंच आहे, अजून पन्नास चार्ट उरकते, आणि माझ्याशी कामापुरतं बोलते. परवा संध्याकाळी डबा उघडताना मी न राहवून विचारलं, "आई कशी आहे गं?"

"बरी आहे. भाकऱ्या थापते चौघांच्या."

"आणि ऋषिराज?"

ती पडद्यावरची नजर न हलवता म्हणाली, "तो आईच्या हातचं खात नाही मॅडम. दोन्ही वेळा शिवतेजच्या घरी जेवतो."